सोक्कलिंगमने लिहिलेला बाप

"शुक्रवारी चारला या, ती तयारच आहे," असं जावयाला फोनवर सांगून सोक्कलिंगम मोकळा झाला. ती म्हणजे त्याची मुलगी वडिवू. ती तिथेच, त्याच्या पुढ्यात फरशीवर बसून सांबारचे कांदे सोलत होती. तिला कुणी काही विचारलं नव्हतं. तिने मान वर केली, तोंड उघडलं, आणि आतून शब्द यायच्या आधी बापच म्हणाला, "कळलं गं मला. दहा दिवस झाले, आपल्या घराची ओढ लागायचीच. मी कशाला आडवा येऊ?"

वडिवूने तोंड मिटलं आणि पुढचा कांदा घेतला.

माणसाची खोडच होती ही. आणि खोड तरी कसली, पोटाचा धंदा होता. मद्रासच्या सिनेमावाल्या साळिग्रामममध्ये पस्तीस वर्षं सोक्कलिंगमने परक्या सिनेमांना तमिळ संवाद लिहिले. तेलुगू फौजदार, हिंदी सासवा, हाँगकाँगचे हाणामारीवाले, अमेरिकेचे अजगर पकडणारे, सगळे त्याच्या वहीतून तमिळ बोलायला शिकले. पडद्यावर ओठ मिटले की तिथे प, ब नाहीतर म यायला हवा, ओठ गोल झाले की उ नाहीतर ओ, आणि काहीही झालं तरी उघडं तोंड रिकामं सोडायचं नाही. सोडलं तर मदुरैचं पब्लिक खुर्च्या फाडतं. एवढी वर्षं असं काढल्यावर समोर कुणाचंही तोंड उघडलं की याच्याकडे वाक्य तयार. भाजीवाल्याचं वाक्य हा पुरं करायचा, डॉक्टरचंही हाच पुरं करायचा. बायको होती तोवर डाफरायची, "अहो, निदान माझं तरी मला बोलू द्या!" ती जाऊन सहा वर्षं झाली. नंतर घरात डाफरणारं कुणी उरलं नाही.

वडिवू सासरहून, तांबरमहून आली ती भर दुपारी, एक पिशवी घेऊन. डाव्या मनगटाच्या वर भाजल्याचा लांबट डाग. "इस्त्री ना?" सोक्कलिंगमने दारातच विचारलं. "आईवर गेलीस. तीही अशीच वेंधळी." वडिवूची मान हलली. ती हो म्हणून हलली की नाही म्हणून, ते त्याने पाहिलं नाही, तो पिशवी उचलत होता. संध्याकाळी शेजारच्या बाईंना त्याने सांगूनही टाकलं, इस्त्रीचा चटका बसलाय, आराम करायला आलीय. लग्नाच्या चार वर्षांत ती राहायला तिसऱ्यांदा आली होती.

तो काही मूर्ख नव्हता. खोटं कशाला बोला, दुपारी जेवून आडवा झाला की तो डाग त्याच्या डोळ्यांपुढे यायचा. आणि डाग आला की तो कूस बदलायचा. कारण हा जावई त्याने स्वतः निवडला होता, सगळ्यांच्या नाकावर टिच्चून. स्थळ आलं तेव्हा मेहुणे म्हणाले होते, "तांबरमला जाऊन दोन घरं चौकशी करू या, पोरीच्या जन्माचा प्रश्न आहे." त्यावर सोक्कलिंगम उखडला. "मला चौकशी शिकवता? पस्तीस वर्षं चेहरे वाचतोय मी. भाषा कळत नसली तरी माणूस कळतो मला. तो इळंगोवन खोलीत आला ना, तेव्हा आधी म्हाताऱ्यांना बसायला दिलं त्याने, मग स्वतः बसला. आवाज बघा किती खालचा. डोळे बघा. झालं!" आणि मग, नेहमीप्रमाणे, त्याने आपल्या गाजलेल्या सिनेमाची, 'नेरुप्पु नाडोडी'ची, म्हणजे 'आगीचा भटक्या'ची गोष्ट सांगितली. ती त्याने कुणाला सांगितली नव्हती असं नाही.

एकोणीसशे त्र्याण्णव साली एका चेट्टियार व्यापाऱ्याने पेनांगहून हाँगकाँगच्या सिनेमाचं प्रिंट स्वस्तात उचलून आणलं. प्रिंट आलं, पण संवादांचा कागद एक नाही. चिनी जाणणारं मद्रासेत कोण? शेवटी एका चिनी दंतवैद्याला गाडी पाठवून आणलं. तो बिचारा दहा मिनिटं बसला आणि अस्सल तमिळमध्ये म्हणाला, "अय्या, ही आमच्या गावची भाषा नव्हे. मला यातलं ओ की ठो कळत नाही. तुमची दाढ दुखत असेल तर बघतो." पोस्टर तर छापून झालं होतं. मग सोक्कलिंगमने आवाज बंद करून नऊ दिवस नुसती तोंडं पाहिली आणि तोंडांवरून अख्खा सिनेमा लिहून काढला.

त्यात एक तरणा भटक्या असतो. त्याला खानावळीचा म्हातारा मालक ठेवून घेतो, रोज स्वतःच्या हाताने कढण पाजतो. पोरगा पहिला घोट घेतो आणि त्याचे डोळे भरून येतात. सोक्कलिंगमने तिथे लिहिलं, "ही तर माझ्या आईच्या हातची चव!" थिएटरात बाया पदर तोंडाला लावायच्या. म्हातारा एका कबरीपाशी जाऊन खांदे गदगदवत रडतो. शेवटी पुलावर तो पोराला बरंच काही बोलतो, पोरगा त्याला मिठी मारतो, आणि म्हातारा पुलावरून खाली कोसळतो. सोक्कलिंगमने म्हाताऱ्याला पोराचा हरवलेला बाप केलं. "मीच तुझा अभागी बाप! तुझ्या मिठीत आलो, आता या पापी देहाचं ओझं नको," म्हणून तो स्वतःच उडी घेतो. सिनेमा मदुरैला शंभर दिवस चालला. लोक हाणामारी बघायला यायचे आणि नाक पुसत बाहेर पडायचे. त्या एका सिनेमावर सोक्कलिंगमला आयुष्यभर 'वाद्यार' म्हणत आले, म्हणजे मास्तर.

आता गेल्या आठ वर्षांत त्याच्या वहीत एक पान भरलेलं नव्हतं. पोरं मूळ आवाजात सिनेमे बघतात, खाली अक्षरं वाचतात. नाहीतर कुठल्याशा यंत्रातून कच्चं तमिळ निघतं आणि आवाज देणारे ते आपापल्या घरी, आवाज घुमू नये म्हणून कपाटात तोंड घालून वाचतात. म्हणून बुधवारी फोन आला तेव्हा त्याला आभाळ ठेंगणं झालं. फोनवर एक मुलगी म्हणाली, "सर, नेरुप्पु नाडोडी परत येतोय, मोबाइलवर, टीव्हीवर, नवा स्वच्छ करून. तमिळमध्येच. तुम्ही शुक्रवारी अकराला यायलाच हवं."

"बघितलंस?" तो वडिवूला म्हणाला. "तीस वर्षांनी त्यांना माझीच जुनी पाटी पुसून परत लावावीशी वाटली. तू जायच्या दिवशीच शुभवार्ता. तूही म्हणत असशील, अप्पांचं नशीब उघडलं."

वडिवू म्हणाली, "अप्पा, शुक्रवारचं मला जरा..."

"येतो गं चारच्या आत! जावईबापूंना ताटकळत ठेवीन का मी?"

शुक्रवारी त्याने राजामणीला बरोबर घेतलं. राजामणी पासष्टीची, अंगाने आडवी, जीभ हातभर लांब. नेरुप्पु नाडोडीत तिने आवाजाने खानावळीतली बाई केली होती, भटक्याचं लहानपण केलं होतं, आणि ऐन वेळी माणूस आला नाही म्हणून म्हैससुद्धा. हल्ली ती कोंबडीखाद्याच्या जाहिराती करायची.

रिक्षा त्यांच्या जुन्या रेकॉर्डिंग थिएटरवरून गेली. तिथे आता व्यायामशाळा झालीय. काचेमागे पोरं पट्ट्यावर धावत होती.

"आपण एका माइकभोवती आठ जण उभे राहायचो तिथे," राजामणी म्हणाली. "मेल्यांनो, धावून धावून तिथेच आहात की! मास्तर, वडिवू आलीय म्हणे. काय म्हणते पोरगी?"

"बरी आहे. थकलीय जरा. तिकडे माणसांचं येणं-जाणं फार."

"मी विचारलं, पोरगी काय म्हणते."

"तेच सांगतोय ना!"

"तेच सांगत नाही आहात. तुम्ही काय म्हणता ते सांगताय. परवा देवळात भेटली मला. मी म्हटलं, हाताला काय झालं गं? तर म्हणे, अप्पा म्हणतात इस्त्री. अप्पा म्हणतात! मला हे काही बरं दिसत नाही, मास्तर."

"तुला सगळीकडे सिनेमाच दिसतो," सोक्कलिंगम फणकारला. तोवर रिक्षा वडपळनीला, कंपनीच्या दारात पोचली.

कंपनीच्या ऑफिसात थंडगार खोली, भिंतीएवढा पडदा, आणि अमुदिनी नावाची अठ्ठावीस-तीसची मुलगी. तमिळ भाषेचं सगळं काम तिच्याकडे होतं. ती दोघांच्या पाया पडली. फिल्टर कॉफी आली. सोक्कलिंगमने पिशवीतून जुनी वही काढून टेबलावर ठेवली, कोपरे कुरतडलेली, पण अक्षर मोत्यासारखं.

अमुदिनीने वहीवर हात ठेवला आणि ती अवघडली. "सर, फोनवर मी नीट सांगायला हवं होतं. कंपनीला नाव हवंय, नेरुप्पु नाडोडी. तेच नाव लोकांच्या लक्षात आहे. त्याच्यासाठी तुमची सही. पण संवाद... संवाद मूळ कागदावरून नव्याने होतायत. वाक्याला वाक्य. बदल करायला आम्हाला परवानगी नाही."

"कागद मिळाला?"

"हो सर. हाँगकाँगहून. आवाजही झाले."

"कुणी दिले?" राजामणीने विचारलं.

"चार मुलं आहेत, अम्मा. प्रत्येकाने आपापलं घरून पाठवलं."

"एकमेकांची तोंडं न बघता? म्हशीचं कुणी केलं?"

"म्हैस मूळ आवाजातलीच ठेवलीय."

"घ्या! म्हशीलासुद्धा स्वतःचा आवाज मिळाला," राजामणी म्हणाली.

सोक्कलिंगमला हसू आलं नाही. तोंडात मारल्यासारखा तो बसला होता. "दाखवा," तो म्हणाला. "तुमची वाक्याला वाक्यं दाखवा. माझ्यापेक्षा जास्त काय सापडलं ते तरी बघू."

अमुदिनी जरा घुटमळली. "सर, गोष्ट थोडी वेगळी आहे."

थोडी! खानावळ आली. म्हाताऱ्याने वाडगा पुढे केला, पोराने घोट घेतला, डोळे भरले, आणि नव्या आवाजात पोरगा म्हणाला, "कडू लागतंय." म्हातारा हसून म्हणाला, "औषध आहे, पी." पुढच्या प्रसंगात म्हातारा चुलीपाशी एकटाच, कमरेच्या पुडीतून चिमूट चिमूट भुकटी काढत स्वतःशी बोलत होता. सोक्कलिंगमने तिथे मिठा-मसाल्याचं गाणं लिहिलं होतं. इथे म्हातारा म्हणत होता, "तुझ्या बापाला सहा महिने लागले. तू तरणा आहेस, तुला वर्ष लागेल." कबरीवर तो रडत नव्हताच. पाठमोरे खांदे हलत होते ते हसण्याने. पुलावर त्याने पोराला सगळं सांगितलं, बापाला कसं मारलं, आईला कुठे विकलं, मजेत सांगितलं. पोराने त्याला मिठी मारली आणि मिठीतूनच ढकलून दिलं.

 मग राजामणीने नाकाला पदर लावला. "बाई गं! विष पाजत होता मेला. आणि आपण त्यात आईच्या हातची चव घातली!"

"लोक रडले होते," सोक्कलिंगम म्हणाला.  "मदुरैला शंभर दिवस रडले. ते काय खोटं होतं?"

"खोटं कसं म्हणू सर?" अमुदिनी म्हणाली. "माझे अप्पा आणि आजोबा अकरा वर्षं बोलत नव्हते. अप्पा तुमचा सिनेमा बघून आले आणि थेट जाऊन आजोबांच्या पायांवर पडले."

"बघ!" तो राजामणीकडे वळला. "मग? झालं ना सगळं नीट?"

अमुदिनीने खाली बघितलं. "आजोबा होते तसेच होते, सर. उरलेली जमीनही त्यांनी धाकट्या काकांच्या नावाने करून घेतली. पण अप्पा अजून म्हणतात, सिनेमा चांगला होता."

 सोक्कलिंगमने हाताने खूण केली, तो वाडग्याचा प्रसंग परत लाव. आवाज बंद कर.

अमुदिनीने लावला. आता पडद्यावर नुसती तोंडं होती, अगदी त्या नऊ दिवसांसारखी. आणि सोक्कलिंगमने पाहिलं. म्हाताऱ्याचे ओठ हसत होते पण डोळे मोजत होते, पोराने किती घोट घेतले ते. पोरगा वाडग्याकडे बघत नव्हता. तो वाडगा धरणाऱ्या हाताकडे बघत होता, आणि त्याची मान मागे जात होती. घोट उतरताना पोटावरची त्याची बोटं वळली होती. माया नव्हती हो ती, भीती होती! धडधडीत, शेंबड्या पोरालाही कळेल अशी. काही लपवलेलं नव्हतं, त्र्याण्णव सालीही हे सगळं तिथेच होतं. मग त्याला का दिसलं नाही? चेट्टियारला घाई होती, पोस्टरवर 'पाशमिगु कावियम', मायेचं महाकाव्य असं छापलं होतं, आणि त्याला स्वतःला एक चांगला बाप हवा होता. म्हणून त्याने चांगला बाप पाहिला. त्या चेहऱ्यांना जे म्हणायचं होतं ते त्याने ऐकलंच नाही, आपलं मात्र त्यांच्या तोंडात कोंबून दिलं.

 आणि मागे जाणारी अशी मान त्याने आधीही पाहिली होती. दूर कुठे नाही, पोंगलला, तांबरमला. इळंगोवन सगळ्यांसमोर वडिवूच्या पानात स्वतःच्या हाताने गोड वाढत होता, "खा गं, वाळलीस किती," म्हणत होता, आणि वडिवू त्याच्या हाताकडे बघत होती. तेव्हा सोक्कलिंगम व्याह्यांना म्हणाला होता, "लाजते अजून, चार वर्षं झाली तरी!" सगळे हसले होते. तोही हसला होता.

"सही कुठे करायची?" त्याने विचारलं आणि न वाचता सही केली. वही तो तिथेच विसरला. ती राजामणीने उचलून घेतली.

रिक्षात तो एकच म्हणाला, "राजामणी, वाजले किती?"

"अडीच."

"भाऊ, जरा लवकर घे," तो रिक्षावाल्याला म्हणाला, आणि रिक्षावाल्याने तोंड उघडलं तरी त्याने पुढे काही जोडलं नाही. राजामणीने त्याच्याकडे वळून बघितलं, मग तिलाही काय ते कळलं असावं. ती गल्लीच्या तोंडाशी उतरली. "मी वर येऊ का?" तिने विचारलं. तो म्हणाला, "नको. माझंच काम आहे."

तीनच वाजले होते, पण दारात बूट होते, पॉलिश केलेले, जोडून नीट ठेवलेले. जावई तासभर आधीच आला होता. आत टेबलावर मिठाईचा डबा, मोगऱ्याचे गजरे. वडिवूची पिशवी भरून खुर्चीशी ठेवलेली. ती तिने भरली की त्याने भरली, कुणास ठाऊक. वडिवू स्वयंपाकघराच्या चौकटीला पाठ लावून उभी होती.

इळंगोवन चटकन उठला. "या मामा, या. उन्हातून आलात. वडिवू, पाणी दे अप्पांना. नाही, थांब, मीच देतो." आवाज तोच, खालचा, मऊ. त्याने पाणी दिलं, मग कॉफीचे पेले भरले, एक वडिवूपुढे नेला. "घे. सकाळपासून काही खाल्लं नाहीस ना?"

वडिवूने पेला घेतला. तिचे डोळे पेल्यावर नव्हते, हातावर होते. सोक्कलिंगमने हे पाहिलं, आणि त्याला वाटलं जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं.

"निघू ना मामा आम्ही?" इळंगोवन म्हणाला. "संध्याकाळच्या गर्दीआधी पोचू. घरी आई वाट बघतेय. तुम्ही फोनवर म्हणालात, ती तयारच आहे, तेव्हाच माझा जीव भांड्यात पडला. हिला राग चटकन येतो, तुम्हाला माहीतच आहे. पण मनात काही नसतं."

"ते मी म्हणालो," सोक्कलिंगम म्हणाला.

"काय?"

"तयार आहे असं मी म्हणालो. तिने नाही. मी तिला विचारलंच नव्हतं, जावईबापू. इस्त्रीचंही मीच म्हणालो."

इळंगोवन हसला. "आता यात विचारायचं काय? नवरा-बायकोत..."

"वडिवू," सोक्कलिंगमने हाक मारली. तो तिच्या समोरच्या खुर्चीवर बसला. "पोरी, तुला काय म्हणायचंय?"

वडिवूने तोंड उघडलं. शब्द आला नाही. बापाच्या जिभेवर तीन वाक्यं आली. 'घाबरू नको' हे एक, 'मी आहे ना' हे दुसरं, 'जायचं नसेल तर नको जाऊ' हे तिसरं. तिन्ही चांगली होती, तिच्या ओठांवर अगदी बसली असती. त्याने दात दातांवर दाबले. पंखा फिरत होता, खाली कुणीतरी मिक्सर लावला होता, आणि तिचं तोंड तसंच उघडं. असला रिकामा वेळ त्याने जन्मात कधी सोसला नव्हता.

"अहो, तिला काय म्हणायचं असणार," इळंगोवन मऊ आवाजात म्हणाला. "ती म्हणतेय की..."

"गप्प!" सोक्कलिंगम ओरडला. एवढ्या मोठ्याने की खालचा मिक्सर थांबला. "तुम्हीही नाही आणि मीही नाही!"

पेला वडिवूने खाली ठेवला. ती नवऱ्याकडे बघत नव्हती. ती बापाकडे बघत होती, आणि त्या बघण्यात माया-बिया काही नव्हती. या वेळी त्याने तो चेहरा आहे तसा वाचला.

"पहिल्या आडीत रीतीप्रमाणे मला माहेरी आणलंत," ती म्हणाली. आवाज घोगरा, न वापरलेला. "लग्नाला चार महिने झाले होते. तेव्हाच सांगणार होते मी. तुम्ही म्हणालात, आडीचा महिना, नवी नवरी, नवऱ्याची आठवण येते वाटतं. मी परत गेले. त्याच आठवड्यात याने माझं डोकं भिंतीवर आपटलं. दुसऱ्यांदा आले तेव्हा इथे, मानेवर, तुम्ही बघितलंत. तुम्ही म्हणालात, चेनचा वण आहे. मी हो म्हटलं. तुम्ही इतकं छान बोलता अप्पा, की मला वाटायचं खरंच चेनचाच असेल."

"वडिवू, घरचं घरात..." इळंगोवन पुढे झाला. तिने त्याच्याकडे मान वळवली नाही, तिचं बोलणं थांबलं नाही. तवा कुठला होता, कशासाठी तापवला होता, सासू दारात उभी राहून काय म्हणाली, सगळं ती ओळीने सांगत होती, तारखांसकट. इळंगोवनने एकदा बापाकडे पाहिलं, एकदा दाराकडे. मग तो बूट हातात घेऊनच जिना उतरला. गजरे टेबलावरच राहिले. तो गेला याची दोघांनी दखलही घेतली नाही.

सोक्कलिंगमच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. तो उठला, तिच्या डोक्यावर हात ठेवायला, काहीतरी म्हणायला, बापाने म्हणायचं असतं ते.

"बसा अप्पा," वडिवू म्हणाली. "अजून मी दुसऱ्या वर्षापर्यंतच आलेय."

तो बसला.